बांधाकडच्या चार काकऱ्या

हस्ताच्या पावसाने उघडीप दिली, त्याच्या चौथ्या दिवशी सोनबाने रानातली मूठभर माती उचलली, दाबली आणि हात उघडला. मातीचा लाडू झाला होता. तो त्याने कमरेच्या उंचीवरून खाली सोडला. लाडू फुटला, पण चिखलासारखा पसरला नाही.

"आला वाफसा," तो बायकोला म्हणाला. "उद्या पाभर घालायची."

बायडाबाईने मान हलवली आणि तारेच्या कुंपणाकडं पाहिलं. पेरणीला माती तयार होती. तेवढं एक कुंपण तयार नव्हतं.

हडपसर मागं टाकून, सोलापूर रस्ता सोडून आत वळलं की डाव्या हाताला हे रान लागे. सगळा सर्व्हे नंबर सहा एकरांचा. खालचे तीन एकर कालव्याला लागून, वरचे तीन गाडीरस्त्याला. रस्ता खोदून काढलेला, म्हणून रान रस्त्याहून छातीभर उंच. कालव्याचं पाणी एवढं वर चढत नसे. सोनबाच्या बापाने दोन पोरांना उभं केलं होतं आणि धोतराचा सोगा हलवत सांगितलं होतं, "धाकल्यानं खालचं घ्यावं, थोरल्यानं वरचं." झाली वाटणी. कागद कुणी केला नाही. पस्तीस वर्षं दोघे आपापला तुकडा कसत राहिले.

धाकटा वारला. त्याच्या पोराने, बजरंगने, आपला हिस्सा बुधवार पेठेतल्या श्यामसुंदर शेठला विकला. शेठचं रेडिओ-टेपरेकॉर्डरचं दुकान होतं. खरेदीखतात "सहा एकरांपैकी अर्धा हिस्सा" एवढंच लिहिलेलं. कुठला अर्धा, ते नाही. शेठने रान एकदाच पाहिलं होतं, तेही स्कूटरवरून न उतरता, आणि स्कूटरवरून जेवढं दिसलं तेवढं आपलं असं धरून सोनबाच्या तीन एकरांना तार मारली. फाटकाशी पत्र्याची खोपी टाकून राखणीला माणूस ठेवला. माणूस म्हणजे बजरंगच. बापाची जमीन विकून त्याच जमिनीच्या कडेला दुसऱ्याची काठी घेऊन बसायला त्याला काही वाटलं नाही. उलट शेठने दिलेली खाकी टोपी तो गावातही घालून फिरे.

सोनबा आषाढातच कोर्टात गेला होता. कोर्टाने मनाई हुकूम दिला होता, की दाव्याचा निकाल लागेपर्यंत सोनबाच्या वहिवाटीला शेठने हरकत करू नये. या हुकमावर घरात सगळ्यात जास्त भरवसा मच्छिंद्रचा, म्हणजे सोनबाच्या मुलाचा. नववीपर्यंत शिकलेला. पारावर बसून तो हुकूम मोठ्याने वाचून दाखवी आणि "प्रतिवादी" हा शब्द आला की थांबून सगळ्यांकडं पाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी बैल जुंपून, चार फणांची पाभर घेऊन चौघं रानात गेली. मच्छिंद्रने हुकमाचा कागद सदऱ्याच्या खिशात ठेवला होता. फाटकाशी बजरंगबरोबर शेठची दोन माणसं उभी होती.

"नाना, मागं फिरा," बजरंग म्हणाला.

"मागं? माज्या रानात मी जाऊ न्हाय?"

"मला काय इचारता? मी नोकर माणूस."

"कोर्टाचा हुकूम हाय," मच्छिंद्र कागद काढत म्हणाला. "वाच. प्रतिवादी म्हंजे तुजा शेठ."

शेठच्या माणसांतल्या एकाने कागद घेतला, घडी उलगडली, पुन्हा घातली आणि मच्छिंद्रच्या खिशात नीट परत ठेवली. वर खिसा थोपटला. मग त्याने बैलांच्या जुपण्या सोडल्या आणि एकेका बैलाच्या पुठ्ठ्यावर काठी हाणली. बैल बुजले आणि रस्त्याने पळत सुटले. सोनबा त्यांच्या मागं. त्याचं धोतर सुटत होतं, ते एका हाताने धरून तो "हो हो, हो हो" करत पळत होता. चहाच्या टपरीवरची माणसं उठून उभी राहिली. बैल धरायला नाही, नीट दिसावं म्हणून.

शकू, मच्छिंद्रची बायको, बियाण्याची पाटी डोक्यावर घेऊन जागच्या जागी उभी होती. नवऱ्याकडं बघून ती म्हणाली, "कागुद ठेवला का नीट? ठेवा. पडायचा."

पोलीस चौकीत ठाणे अंमलदाराने कागद वाचला.

"ही दिवाणी बाब आहे."

"पर सायेब, कोर्टाचाच हुकूम हाय."

"हो ना. कोर्टाने शेठला सांगितलंय, आम्हाला कुठं सांगितलंय? यात पोलीस हा शब्द दाखवा मला."

मच्छिंद्रने खरोखरच शोधला. ओळीवर बोट ठेवून, दोन्ही पानं. अंमलदार तेवढा वेळ त्याच्याकडं बघत पान चघळत होता.

"न्हाय सायेब."

"नाही ना? मग कोर्टाकडून बंदोबस्ताचा हुकूम आणा. पोलिसांनी जावं असं लिहून आणा. लगेच येतो. तोवर मारामारी करू नका, नाहीतर तुम्हालाच आत बसवावं लागेल. ती फौजदारी बाब आहे."

दुसऱ्या दिवशी बाप-लेक शिवाजीनगरला कोर्टात गेले. त्यांचे श्रीधर वकील व्हरांड्यात उभ्या उभ्या चहा पीत होते. सगळं ऐकून घेतल्यावर त्यांनी बशी कपाखाली ठेवली.

"मनाई हुकूम म्हणजे देवळातली घंटा नव्हे सोनबा, की वाजवली आणि देव जागा झाला. अर्ज करावा लागतो. मला आधी विचारायचं होतंत. पण तुमच्याकडे बैलांना विचारून निर्णय घेतात."

"चुकलं, सायेब."

"आणि एक समजून घ्या. कागद तुमच्याकडे काही नाही. वडिलांनी धोतराचा सोगा हलवला, ही साक्ष मी कोर्टात कशी देऊ? तुमच्याकडे आहे ती वहिवाट. सातबाऱ्यावर दर वर्षी तुमचं पीक लागलंय, त्याच्यावर हा दावा उभा आहे. या वर्षी तलाठ्याने तिथं 'पड' असं लिहिलं, की शेठ म्हणणार, जमीन आमच्या ताब्यात आहे, हे कसतच नाहीत. मग माझ्याकडे येऊ नका. अर्ज लिहिण्याची तसदीही मी घेणार नाही."

"म्हंजे पेरायला पायजे."

"अगदी बरोबर. पंचवीस मिनिटांत कळलं तुम्हाला."

तिसऱ्या दिवशी अर्ज पुढं आला. शेठचा वकील म्हणाला, आम्ही अडवतच नाही, मग पोलीस कशाला? न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं आणि म्हणाले, अडवत नसाल तर पोलीस आले म्हणून तुमचं काय बिघडतं? पेरणीच्या कामासाठी एक दिवस पोलीस बंदोबस्त द्यावा, असा हुकूम झाला. श्रीधर वकिलांनी तातडीची नक्कल मागितली. ती दसऱ्याच्या दोन दिवस आधी संध्याकाळी मिळाली. खाली न्यायाधीशांची सही, शेजारी कोर्टाचा जांभळ्या शाईचा गोल शिक्का.

"आता चौकीत नेऊन द्या," वकील म्हणाले. "एवढं तरी जमेल ना?"

जमायला हरकत नव्हती. पण दुसऱ्या दिवशी खंडेनवमी होती.

खंडेनवमीला त्या घरात कुठलंही हत्यार कामाला लागत नसे. सकाळपासून बायडाबाईने विळे, खुरपी, कुऱ्हाड, पाभरीचे फण, सगळं घासून धुऊन ओळीने पाटावर मांडलं. पाभर भिंतीशी उभी केली, तिला झेंडूची माळ घातली. सोनबा आंघोळ करून आला. पाटाकडं बघत थोडा वेळ उभा राहिला. मग मच्छिंद्रच्या सदऱ्यातून त्याने हुकूम काढला, घडी उलगडली आणि विळ्यांच्या आणि कुऱ्हाडीच्या मधे नीट पसरून ठेवला.

"हेबी हत्यारच हाय," तो म्हणाला. "औंदा तर मोठं हत्यार हेच."

मच्छिंद्रला ते फार आवडलं. "बराबर हाय, आबा," तो म्हणाला.

बायडाबाईने तांब्यात बोटं बुडवली, हळद कालवली, कुंकू कालवलं. प्रत्येक हत्याराला पाच पाच बोटं लावली. कागदाशी आल्यावर तिने पदर डोक्यावर ओढून घेतला. अक्षरांवर बोट नको म्हणून खाली मोकळी जागा पाहिली. मोकळी जागा म्हणजे जिथं लिहिलेलं नव्हतं ती, म्हणजे शिक्का. तिथं तिने मन लावून हळद लावली, हळदीवर कुंकू, कुंकवावर ओल्या अक्षता. मग हात जोडले.

दुपारी पाट उचलताना शकूने कागद उन्हाला धरला. जांभळी शाई पाण्याने पसरून हळदीत गेली होती. मधे कुंकवाचा चिखल. न्यायाधीशांच्या सहीचं शेपूट तेवढं बाहेर राहिलं होतं.

"अवं," तिने नवऱ्याला हाक मारली, "हे वाचा बरं आता."

मच्छिंद्रने पाहिलं, आणि त्याचा पहिला शब्द आईला होता. "आये, काय केलंस तू? अडाणी ती अडाणीच!"

बायडाबाई भांबावून कागदाकडं बघत राहिली. "म्या तर पूजा केली रं."

"पाटावर ठिवला कुणी?" शकू म्हणाली. तिने सासऱ्याकडं पाहिलं नाही, नवऱ्याकडं पाहिलं. "आनि बराबर हाय, बराबर हाय म्हनत डोकं कोन हालवत हुतं?"

सोनबा गोठ्याकडं निघून गेला.

दसरा उलटल्यावर मच्छिंद्र कागद घेऊन चौकीत गेला. अंमलदाराने तो दोन बोटांनी कोपऱ्याला धरून उचलला. एक अक्षत टेबलावर पडली.

"हे काय, लग्नाची पत्रिका?"

"सायेब, नवमीची पूजा…"

"अरे संपतराव, इकडं या," अंमलदाराने हवालदाराला बोलावलं. "कोर्टाचं लग्न लागलंय. मुहूर्त चुकला, नाहीतर आपणही गेलो असतो." मग आवाज बदलून तो म्हणाला, "शिक्का दिसत नाही, सही दिसत नाही. यावर मी माणसं काढली आणि उद्या वरून विचारलं, तर काय दाखवू? हळद? दुसरी नक्कल आणा."

हवालदार संपत हसला नाही. कागदाकडं वाकून त्याने विचारलं, "वाफसा किती दिवस आहे अजून?"

"चार-पाच दिवस, सायेब."

"मग पळा," तो म्हणाला.

श्रीधर वकिलांनी कागद बराच वेळ न्याहाळला. शेजारच्या दोन वकिलांनाही दाखवला. त्यांची बायकोही म्हणे घरी देवाला रोज फुलं वाहते, पण आजवर तिने एकाही हुकमाला वाहिली नव्हती. नक्कल विभागातला कारकून रजेवर होता. तो आला, तर शाईचा पॅड कोरडा होता. पॅड आला, तर सही करणारे साहेब मुंबईला होते. मच्छिंद्र रोज हडपसरहून बसने जाई, व्हरांड्यातल्या बाकावर बसे आणि संध्याकाळी परत येई. आता तो पारावर बसत नसे.

इकडं सोनबा रोज सकाळी कुंपणाच्या तारेतून हात घालून माती उचले. पहिले दोन दिवस लाडू झाला. तिसऱ्या दिवशी झाला, पण हातातच चिरला. पाचव्या दिवशी माती बोटांतून सांडली. सातव्या दिवशी रानाला केसासारख्या भेगा दिसल्या. वारा उत्तरेकडून सुटला होता. अंगावरचा घाम वाळवणारा वारा, तो रानाला काय ठेवतो?

"आज बी काय करता, नाना?" खोपीतून बजरंग विचारी. "माती बघता? आमच्याकडं लई हाय. न्या घरी."

सोनबा हात झटकून चालू लागे. घरी आला की बायडाबाई त्याच्या हाताकडं बघे. हाताला माती चिकटलेली नसली, की विचारत नसे.

नवव्या दिवशी नवी नक्कल मिळाली. चौकीतून उत्तर आलं, कुणी मंत्री येणार आहेत, तीन दिवस माणसं नाहीत. चौथ्या दिवशी बंदोबस्त मिळाला.

त्या दिवशी सकाळी नऊलाच चौघं बैल-पाभर घेऊन फाटकाशी येऊन बसली. पोलीस साडेअकराला आले. हवालदार संपत आणि दोन शिपाई. त्यांच्याआधी श्यामसुंदर शेठ स्कूटरवरून आला होता. त्याने खोपीच्या सावलीत तीन खुर्च्या मांडून ठेवल्या होत्या, आणि थर्मासमधे चहा होता.

"या, या. बसा," तो पोलिसांना म्हणाला. मग सोनबाला, "पेरा ना. आम्ही कधी अडवलंय? बजरंग, फाटक उघड रे. पूर्ण उघड. बैलांना लागेल."

बजरंगने फाटक उघडलं आणि टोपी काढून वाकून हात आत दाखवला. शिपाई हसले.

सोनबा रानात गेला. चार पावलांवर बसला. टाचेने ढेकूळ दाबलं, ते फुटलं नाही. बोटभर उकरलं, खाली धूळ. वीतभर उकरलं तेव्हा कुठं गारवा लागला. तो उठून परत आला.

"यात बी टाकनं म्हंजे मुंग्यांना जेवन घालनं हाय," तो म्हणाला. "न्हाय पेरत मी."

"बघा, नको म्हणतायत," शेठ खुर्चीतूनच म्हणाला. "उगाच तुम्हाला उन्हात आणलं, हवालदारसाहेब. चहा घ्या."

संपत हवालदार सोनबाच्या जवळ आला. "बाबा, मला पंचनामा लिहायचाय. पेरलं तर पेरलं असं लिहीन. नाही पेरलं, तर पोलीस असताना तुम्ही पेरायला नकार दिलात असं लिहावं लागेल. माझं काही चालत नाही. काय लिहू?"

सोनबाने बैलांकडं पाहिलं, मग शेठच्या खुर्चीकडं. अखेर तो मच्छिंद्रला म्हणाला, "जुप."

पाभर सोनबानेच धरली. बायडाबाईने ओटीत बियाणं घेतलं, चाड्यावर मूठ धरली, आणि दर वर्षीच्या सवयीने पहिली मूठ कपाळाला लावली. पाभर हलली. वाफशाच्या रानात फण लोण्यातून गेल्यासारखे जातात. इथं ते ढेकळांवरून खडखडत, उड्या मारत चालले. सोनबा छातीचा भार टाकून ते दाबत होता. धूळ उडत होती, ती बैलांच्या नाकात जात होती, बायडाबाईच्या तोंडात जात होती. तिच्या मुठीतून दाणे एकेक करून नळ्यांत पडत होते. हात सवयीने चालत होता. डोळे मिटलेले. कुणी म्हणेल धुळीने.

शेठ मधे मधे घड्याळ बघत होता. "किती बाकी आहे?" त्याने एकदा विचारलं, सिनेमा किती राहिलाय असं विचारावं तसं.

पाच वाजता तिन्ही एकर झाले. संपत हवालदाराने पंचनामा लिहिला. "वादीने पोलीस बंदोबस्तात तीन एकर क्षेत्रात रब्बी ज्वारीची पेरणी शांततेत पूर्ण केली. प्रतिवादीने कोणतीही हरकत घेतली नाही." सोनबाने अंगठा उठवला. शेठने इंग्रजीत सही केली. एक शिपाई दुसऱ्याला म्हणाला, बंदोबस्त असा असावा, बसल्या जागी चहा.

पोलिसांची पाठ फिरली आणि बजरंगने फाटक लावून घेतलं.

दहा दिवस गेले. रानात पन्नास पावलांवर एखादा कोंब. उरलेलं बी चिमण्या-पारव्यांनी वेचलं. शेठ रविवारी आला, स्कूटरवरून बघून गेला. जाताना चावडीवर थांबून त्याने तलाठ्याला सांगितलं, की आमचं ते रान या वर्षी पड आहे, नोंद करून घ्या.

बातमी घरी आली तेव्हा सोनबा भिंतीला टेकून बसला होता.

"संपलं," तो म्हणाला.

भाकरी थापता थापता शकू बोलली. "मामा, तलाठी रानात उतारतो का कधी?"

"तो? चाळीस वर्सांत कुठल्या तलाठ्याचा पाय ढेकळावर पडलाय? सायकलवरनं जातो. रस्त्यावर एक पाय टेकतो, लिव्हतो, जातो."

"मंग त्याला रस्त्यावरनं काय दिसतंय? रस्ता खाली, रान वर. बांधाकडच्या चार काकऱ्या दिसत्यात. म्हागं तीन एकर हायेत का समिंदर हाय, त्याला काय कळतंय?"

भाकरी तव्यावर पडल्याचा आवाज झाला.

"चार काकऱ्यांस्नी पानी घालू आपन," शकू म्हणाली. "हंड्यानं. उगवत्याल तेवढ्या."

"येडी का खुळी?" मच्छिंद्र म्हणाला. "कालवा केवढा लांब. आनि लोक काय म्हनतील?"

"लोक बैल पळाले तवा बी बघतच हुते. बघू देत. तुमी नका येऊ. तुमी कोर्टाच्या बाकावर दमलाय."

सोनबा म्हणाला, "असली शेती म्या कवा केली न्हाय. तलाठ्याला दाखवायला चार वळी! दुकानाच्या काचंत मांडल्यागत."

"न्हाय केली, खरं हाय," बायडाबाई म्हणाली. कागद खराब झाल्यापासून ती फारशी बोलली नव्हती. "पर धुळीत बी तरी कवा टाकलं हुतं? पोलिसांला दाखवायलाच टाकलं नव्हं? मी जाती हिच्यासंगं."

दुसऱ्या दिवशी पहाटे दोघी कालव्यावर गेल्या. डोक्यावर हंडा, कमरेवर कळशी. कालव्याचा भराव चढायचा, रस्त्याने तीन शेतं चालायचं, बांधावर चढून तारेखालून कळशी आत सरकवायची, मग पोटावर सरपटत स्वतः आत. आधी चार काकऱ्यांत बियाणं पुन्हा टोकलं, खुरप्याने, दाणा दाणा. मग तांब्या-तांब्याने पाणी. बांधाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत. दहा हंडे झाले की बायडाबाईची मान वाकडी होई. ती हंडा उतरवून दोन्ही हातांनी डोकं धरी, डावीकडं वळवी, उजवीकडं वळवी, आणि पुन्हा चुंबळ ठेवी. चौथ्या दिवशी मच्छिंद्र कावड घेऊन आला. पाणी ओतू लागला. त्याने ओतलेलं पाणी काकरीबाहेर जात होतं, तेवढं शकूने बोटाने दाखवलं.

बजरंग खोपीतून बघत असे. पहिल्या दिवशी तो काठी आपटत आला होता.

"काकी, आत यायचं न्हाय."

"मनाई हुकूम हाय," बायडाबाई म्हणाली. "चौकीत जाऊन सांग, दोन बायका झाडाला पानी घालत्यात, बंदोबस्त पाठवा."

बजरंगला हसू आलं. चार काकऱ्या भिजवून काय होतं, म्हणून तो खोपीत जाऊन पडला. रविवारी त्याने शेठला सांगितलं, "म्हातारीच्या डोक्यावर परिणाम झालाय. हंड्यानं शेती करती." शेठला ती गोष्ट इतकी आवडली, की बुधवार पेठेत दुकानावर येणाऱ्या प्रत्येकाला तो ती सांगू लागला. हंड्याने शेती! त्यानंतर कित्येक दिवस तो रानाकडं फिरकला नाही.

कोंब आले. हिरवे झाले. गुडघ्याला लागले. कार्तिकात धुकं पडलं, त्याने थोडा हातभार लावला. पाळी चुकली नाही. दर चार दिवसांनी त्या दोघींच्या मानेवर कालवा चढत होता. मार्गशीर्ष संपता संपता चार काकऱ्या माणसाच्या डोक्यावर गेल्या. रुंद, काळीभोर पानं, पोटऱ्यात आलेली कणसं. रस्त्याने जाणारा मान वर करून बघे. मागं तीन एकर भेगाळलेले, बोडके. ते फक्त पाखरांना दिसत.

तलाठी आला तेव्हा बायडाबाई बांधावर तण काढत होती. शकू काकरीच्या आत उभी होती. तलाठ्याने सायकल थांबवली, एक पाय रस्त्यावर टेकला, पिशवीतून वही काढली.

"हे सोनबाचं ना?" त्याने मान वर केली. "शेठ तर पड म्हणत होते."

"तुमाला काय दिसतंय, भाऊसायेब?" बायडाबाईने विचारलं.

"ज्वारी दिसतेय. चांगली जोमात आहे की! या वर्षी सगळ्यांची वाळली, तुमची कशी आली?"

"पोलिसांच्या हातगुनानं."

तलाठी हसला. हँडलवर वही ठेवून त्याने लिहिलं. आत उभ्या असलेल्या शकूने पानांच्या फटीतून बघितलं. त्याचा हात चालत होता, थांबत नव्हता. "तीन एकर, शाळू," तो स्वतःशीच म्हणाला आणि वही पिशवीत घातली. बायडाबाईने खुरपं खाली ठेवलं.

पायडलवर पाय ठेवता ठेवता तलाठ्याने पुन्हा वर पाहिलं.

"मावशी, एवढं पीक आहे, तर हुरड्याला बोलवा की आम्हाला. सर्कलसाहेबांनाही घेऊन येतो. रानात मधोमध सतरंजी टाकू."

शकूच्या हातातलं पान कर्रकन फाटलं.

बायडाबाई उठून उभी राहिली. एका हाताने मान धरून तिने ती सावकाश डावीकडं वळवली, मग उजवीकडं.

"या की," ती म्हणाली. "पर बसायचं हितं, रस्त्याच्या कडंला. कनसं मी आनून दीन. आत पाय ठिवायचा म्हनलं की ह्या रानात आदी कोर्टात जावं लागतंय, भाऊसायेब."